गेलेल्यांचा पेंटर

मागच्या महिन्यात मिलिंद दुकानात आला आणि त्याने काउंटरवर एक गुंडाळी ठेवली. "काका, याला फ्रेम करायचीय. जरा लवकर मिळेल का?"

मी गुंडाळी सोडली. आत सोनावणे पेंटर होते, कॉम्प्युटरवर छापलेले. मागे निळं आभाळ, पांढरे ढग, खाली कमळं. पेंटरना असं गोरं-गुलाबी केलेलं की हा माणूस जन्मभर काश्मिरात सफरचंदं विकत होता असं वाटावं. केस काळेभोर. गालावरचा तीळसुद्धा डाग समजून कोणीतरी पुसून टाकलेला.

"अरे, हे काय केलंस?"

"एडिटिंगवाल्याने केलं, काका. मी एवढंच सांगितलेलं, बाबांचा फोटो चांगला करून दे."

काय बोलणार? ज्या माणसाने ठाण्यापासून कल्याणपर्यंत घराघरातले गेलेले आजी-आजोबा हाताने रंगवले, त्याच्या वाट्याला शेवटी हे आलं. पण मिलिंदवर चिडून उपयोग नव्हता. त्याच्या बापाचं चित्र नीट काढू शकेल असा एकच माणूस आम्हाला माहीत होता, आणि तोच गेला होता. मी मुकाट्याने सागवानी पट्टी काढली आणि कापायला घेतली.

ठाण्यात, खोपटला एसटी डेपोच्या मागच्या गल्लीत माझं फ्रेमचं दुकान आहे. वडिलांनी टाकलेलं, मी चालवतोय. दुकानाला पोटमाळा आहे आणि तिथे जायला एक लाकडी शिडी. त्या पोटमाळ्यावर सोनावणे पेंटर बसायचे. माझ्या वडिलांनी त्यांना "बसा हो चार दिवस" म्हणून जागा दिली होती. ते चार दिवस काही संपले नाहीत. मी दुकानात उभा राहायला लागलो तेव्हा पेंटर चाळिशीचे असतील आणि मी मिसरूड फुटलेला. तेव्हापासून ते मला "सावंत" म्हणायचे, अरे-तुरे करायचे, आणि गिऱ्हाईक आलं की "आमचे शेठ" म्हणून ओळख करून द्यायचे. यात थट्टा किती आणि मान किती, ते मला शेवटपर्यंत कळलं नाही.

अंगात कायम पांढरा शर्ट. पेंटरने पांढरा शर्ट घालावा, याहून मोठा येडेपणा नाही. विचारलं तर म्हणायचे, "पांढऱ्यावर रंग कळतो रे." ब्रश पुसायला शेजारी फडकं असायचं, पण हात जायचा शर्टाच्या खालच्या कडेकडे. वत्सलावहिनींनी, म्हणजे त्यांच्या बायकोने, शेवटी वैतागून प्रत्येक शर्टाला खालून फडक्याची एक पट्टी शिवून दिली होती. "पुसा आता काय पुसायचं ते."

सुरुवातीला पेंटर सगळं रंगवायचे. दुकानांच्या पाट्या, गाड्यांचे नंबर, शाळेच्या भिंतींवर 'पाणी वाचवा'. आजूबाजूच्या विहारांतले बुद्धही त्यांच्याच हातचे, आणि त्याचा मोबदला ते कधीच घेत नसत. मग फ्लेक्स आला आणि पाट्या गेल्या. पेंटरनी फार कांगावा केला नाही. एवढंच म्हणाले, "फ्लेक्सवरचा माणूस दोन पावसात पांढरा पडतो. आपला माणूस भिंतीवर नातवाच्या लग्नापर्यंत टिकतो." उरल्या त्या गेलेल्या माणसांच्या तसबिरी. लोक एखादा करंगळीएवढा फोटो घेऊन यायचे आणि पेंटर त्यातून हातभर माणूस उभा करायचे. खाली सही कधी करायचे नाहीत. "लोकांनी बाप टांगलाय भिंतीवर. त्याच्या पायाशी माझं नाव कशाला?"

काम करताना ते तसबिरीतल्या माणसाशी बोलायचे. मी खाली पट्ट्या कापत असायचो आणि वरून ऐकू यायचं, "आजोबा, अहो मान जरा इकडे. आता कुठे जायची घाई आहे तुम्हाला?" नवीन गिऱ्हाईक दचकून वर बघायचं. मी सांगायचो, "काही नाही, काम चाललंय."

फोटोवरून नुसता चेहरा उतरवून घेणं त्यांना पटायचं नाही. ते घरच्यांना बोलवायचे. स्टुलावर बसवायचे, चहा मागवायचे आणि म्हणायचे, "आता सांगा." काय सांगू, असं माणूस विचारायचं. "काहीही. जेवायला कसे बसायचे? राग आला की कुठे बघायचे?" लोक बोलायला लागायचे, रडायचे, हसायचे आणि भांडायचेसुद्धा. पेंटर ऐकत ऐकत कोळशाने रेघा मारत राहायचे. त्यांचं एक ठरलेलं वाक्य होतं, "माणूस गेला की आधी आवाज जातो. मग चाल जाते. चेहरा सगळ्यात शेवटी जातो. तोवर आपण आहोत."

कोळसेवाडीचे दोन भाऊ मला चांगले आठवतात. वडील गेले होते आणि फोटो एकच, कोणाच्या तरी लग्नातला. त्यात वडील नेमके सरबत पीत होते. नाकाखालचा सगळा भाग स्टीलच्या पेल्यामागे. थोरला म्हणे बाबांना मिशी होती, धाकटा म्हणे नव्हती. थोरला म्हणाला, "तू लहान होतास, तुला काय कळतंय." धाकटा म्हणाला, "शेवटची दहा वर्षं तू घरात होतास कुठे?" प्रकरण मिशीवरून भलतीकडे जायला लागलं. त्यांची आई कोपऱ्यात बसून होती. तिला कोणी विचारतच नव्हतं. पेंटर शिडी उतरून खाली आले आणि तिच्यासमोर उकिडवे बसले.

"आई, तुम्ही सांगा. मिशी होती?"

"होती की," आई म्हणाली. "पण मला मेली कधीच आवडली नाही. लग्न झाल्यापासून सांगत होते काढा म्हणून. ऐकतील तर शपथ."

"मग आता काय करू?"

बाईने क्षणभर विचार केला. "रंगवू नका मिशी. आता ऐकतील."

ती तसबीर बिनमिशीची गेली. मी पेंटरना म्हटलं, अहो हे खोटं नाही का झालं? ते म्हणाले, "अरे, तिच्या डोळ्यांसमोर राहायचंय ना त्यांना? मग तिचं ऐकायला नको?"

जिवंत माणसाचं चित्र मात्र पेंटर काढायचे नाहीत. त्यामागे अमुक असं कारण नव्हतं. आयुष्यभर गेलेल्यांची चित्रं काढली, म्हणून लोकांनीच ठरवून टाकलं होतं की सोनावणे पेंटरने ज्याचं चित्र काढलं त्याचं तिकीट फाटलं. आमच्याकडच्या एका पुढाऱ्याने वाढदिवसाला स्वतःची तसबीर करायला दिली होती. पेंटर नको नको म्हणत होते. दुसऱ्याच दिवशी पुढाऱ्याची म्हातारी आई पायात चपला न घालता दुकानात आली आणि लेकाचा फोटो परत घेऊन गेली. जाताना पेंटरकडे असं बघितलं, जसं काही यांनी सुपारीच घेतली होती.

पेंटर हसायचे. "आम्ही बुद्धाची माणसं, असलं काही मानत नाही. पण लोकांची झोप कशाला उडवायची?" मग आवाज खाली आणून म्हणायचे, "आणि लोकांचं सोड, आमच्या घरातच मानतात."

हे घरातलं म्हणजे वत्सलावहिनी. पाचपाखाडीला एका बालवाडीत त्या मदतनीस होत्या. घर ठाकुर्लीला. पेंटर सकाळी लवकर निघायचे, वहिनी मागून. दुपारी बालवाडी सुटली की त्या वाट वाकडी करून दुकानात यायच्या, शिडीच्या दोन पायऱ्या चढायच्या, डबा वर पोटमाळ्याच्या फळीवर सरकवायच्या आणि निघून जायच्या. पेंटर कामात असले तर हाकही मारायच्या नाहीत. उजव्या भुवईत एक जुनी खोक होती. कोणी बोलायला लागलं की पदर कानामागे खोचून ऐकायच्या. आणि हसताना त्यांच्या ओठाचा डावा कोपरा आधी वर जायचा, म्हणजे आपली काहीतरी चोरी पकडलीय असंच वाटायचं.

एकदा पेंटर त्यांना माझ्यासमोर म्हणाले, "बस गं पाच मिनिटं, तुझं एक काढतो."

"मी जिवंत आहे अजून," वहिनी म्हणाल्या. "मी गेल्यावर काढा काय काढायचं ते. तेव्हा मी नाही म्हणायला येणार नाही."

फोटोला त्या तशाच वैरी. कोणी कॅमेरा काढला की पदर तोंडावर. मिलिंदच्या लग्नात त्या प्रत्येक फोटोत आहेत, पण पाठमोऱ्या नाहीतर कोणाच्या तरी मागे. तेव्हा मिलिंदचा मोबाईलही साधाच, त्यात सगळी माणसं ठिपक्यांची दिसायची. आधार कार्डावर एक फोटो होता. त्यात वत्सलावहिनी आणि पोलीस ज्याला शोधतायत असा इसम यांत काही फरक नव्हता.

आणि एका सकाळी ठाकुर्लीच्या घरात चहा गाळता गाळता वहिनी खाली बसल्या, त्या उठल्या नाहीत.

पेंटर लवकरच कामावर परत आले. मी म्हटलं, राहा की घरी थोडे दिवस. म्हणाले, "घरी काय करू? चहाचं पातेलं दिसतं." पहिल्याच दिवशी त्यांनी मोठा कॅनव्हास ताणून घेतला. मला सांगायची गरज नव्हती, कोणाचं चित्र ते. मी एक चांगली पट्टी बाजूला काढून ठेवली.

ती पट्टी तशीच राहिली. पेंटर कोळशाने काढायचे, पुसायचे, परत काढायचे, आणि संध्याकाळी कॅनव्हास भिंतीकडे तोंड करून ठेवायचे. वरून बोलण्याचा आवाज येईनासा झाला. लोकांच्या आजोबांशी गप्पा मारणारा माणूस स्वतःच्या बायकोशी एक शब्द बोलेना. मधूनमधून लोकांची कामंही करायचे. तेवढा वेळ हात पहिल्यासारखा चालायचा.

त्या दिवसांतलं एक काम म्हात्र्यांचं. डोंबिवलीजवळच्या गावातलं आगरी घर. म्हाताऱ्या म्हात्रेबाबांची बायको गेली होती. तसबीर न्यायला बाबा आणि त्यांची सून आली. पेंटरची पद्धत अशी की डोळ्यातला पांढरा ठिपका शेवटी ठेवायचा, आणि घरच्यांना समोर उभं करून मग भरायचा. त्याला ते नजर भरणं म्हणायचे. त्यांनी ठिपके दिले आणि बाजूला झाले. सुनेने बघितलं आणि तिच्या कपाळाला आठी पडली.

"आमची आय अशी नव्हती. आमची आय कवा हसलीच नाय. गावान कोनाला पन इचारा."

खरंच, तसबिरीतली म्हातारी हसत होती. अगदी थोडं, ओठाच्या एकाच बाजूने. पेंटर गडबडले. "बदलून देतो," म्हणत ब्रश उचलला. म्हात्रेबाबा कितीतरी वेळ काठीवर दोन्ही हात ठेवून बघत होते.

"र्‍हवदे," ते म्हणाले. "जिती व्हती तवा हसली नाय. आता तरी हसूंदे."

त्यानंतर आणखी एक-दोन बायकांच्या तसबिरी माझ्याकडे फ्रेमला आल्या आणि मला काहीतरी चुकल्यासारखं वाटत राहिलं. मग कल्याणच्या शुभांगीच्या आईची तसबीर आली आणि माझा हात थांबला.

शुभांगी पारनाक्याला राहते, बँकेत आहे. तिची आई बरीच वर्षं अंथरुणाला होती. घरात एकदा पाणी शिरलं तेव्हा सगळे अल्बम गेले, म्हणून उरलेले फोटो आजारपणातलेच, सुजलेल्या चेहऱ्याचे. "मला बरी असतानाची आई हवी," असं ती म्हणाली होती. पेंटरनी तिच्या तोंडून ऐकून ऐकून चित्र केलं. मी काच लावायला घेतली आणि काचेखालून वत्सलावहिनी माझ्याकडे बघत होत्या. साडी शुभांगीच्या आईची, कपाळावर रुपयाएवढं कुंकू, जे वहिनींनी कधी लावलं नाही. बाकी भुवईतल्या खोकेसकट सगळ्या वहिनीच. शुभांगी आली, बघून रडली, म्हणाली, "किती छान दिसतेय आई," आणि घेऊन गेली. तिचं समाधान झालं होतं. मी का मध्ये तोंड घालू?

मिलिंदने पुढे आंबिवलीला फ्लॅट घेतला, ठाकुर्लीचं घर सोडलं. सामान हलवून झाल्यावर पेंटर एका दुपारी आले आणि वर न जाता माझ्या समोरच्या स्टुलावर बसले, जिथे त्यांची गिऱ्हाइकं बसायची.

"सावंत, मला तिचा चेहरा आठवत नाही रे."

मी करवत खाली ठेवली.

"आवाज आहे. हाक मारल्यासारखी स्पष्ट ऐकू येते. चाल आहे, जिन्यात तिच्यासारखं कोणी चढलं तर अजून मान वळते. चेहरा तेवढा नाही. लोकांना उलटं सांगत आलो मी. चेहरा शेवटी जातो म्हणे! माझ्या हातून गावाचे म्हातारे उभे राहिले आणि हिचं नाकसुद्धा येत नाही मला. रोज समोर होती, म्हणून मी कधी बघितलंच नाही नीट." त्यांनी शर्टाच्या खालच्या कडेला हात नेला आणि तो तिथेच राहिला. "आता ते घरही गेलं. अजून थोड्या दिवसांनी मी कोणाला विसरलोय तेही विसरेन."

मला एवढं वाईट वाटलं की मी चिडलोच. माझं तसंच होतं. म्हटलं, "आठवत नाही काय म्हणता? लोकांच्या भिंतींवर टांगून ठेवलीत तुम्ही तिला!"

"काय?"

"म्हात्र्यांची म्हातारी हसते ना, ते हसू कोणाचं आहे? आणि शुभांगीची आई? अहो, तिथे तर आख्ख्या वहिनी बसल्यात. मी स्वतः काच लावलीय त्यांना."

पेंटरना खरंच माहीत नव्हतं. आपण काय काढलं ते काढणाऱ्यालाच दिसलं नव्हतं.

पुढच्या रविवारी मी दुकान बंद ठेवलं आणि आम्ही निघालो. आधी म्हात्र्यांकडे. तिथे आता मोठा बंगला झाला होता, आणि हॉलमध्ये म्हातारी दिव्यांच्या माळेत हसत होती. पेंटर जवळ गेले, लांब झाले, परत जवळ गेले. "ओठ," एवढंच म्हणाले.

म्हात्रेबाबा खुर्चीत बसले होते. "काय झाला, पेंटर?"

"काही नाही बाबा. माझं काम बघायला आलो."

"बेस हाय तुमचा काम. सकालचे चाय पितंव तवा हिचेकरं बगतंव. हसते माजेशी." बाबा खुशीत होते. सुनेने चहा आणि गोडाचं दिलं. पेंटरनी सगळं खाल्लं. कितीतरी दिवसांनी मी त्यांना पोटभर खाताना बघितलं.

कल्याणला शुभांगीने दार उघडलं. "अय्या, मामा तुम्ही? या ना." पेंटर आत गेले आणि तसबिरीसमोर उभे राहिले. चष्मा काढला, पुसला, लावला. मग अगदी साध्या आवाजात, स्वयंपाकघरातून पाणी मागावं तसं म्हणाले, "वत्सला."

शुभांगीने माझ्याकडे बघितलं. आता लपवून काय करणार? मी तिला सगळं सांगितलं. ती सोफ्याच्या कडेवर बसली.

"म्हणजे ही माझी आई नाहीये?"

पेंटर तसबिरीपासून मागे सरकले.

"मला सुरुवातीला वाटलेलं, काहीतरी वेगळं आहे," ती म्हणाली. "पण सुंदर होतं, म्हणून मी काही बोलले नाही. मामा, आता मी डोळे मिटले ना, तर आई अशीच येते. हीच. तिचा आधीचा चेहरा आणायला बघते, तर येत नाही."

ती रागावली असती तर बरं झालं असतं. पेंटर भिंतीला टेकून खाली फरशीवरच बसले. "पोरी, मी तुझी आई घालवली गं." चहा त्यांनी घेतला नाही. बाहेर पडून आम्ही स्टेशनपर्यंत चालत आलो. मग म्हणाले, "माझी सापडली रे, सावंत. पण दुसऱ्याच्या आईच्या जागेवर बसलीय. तिथून तिला उठवायची, तर त्या जागेवर बसायला त्या पोरीची आई नको?"

आणि मग जे त्यांनी जन्मात केलं नव्हतं ते केलं. चेहरा बघून काढायला जिवंत माणसाला समोर बसवलं. शुभांगी दर रविवारी खोपटला यायला लागली. पहिल्या दिवशी स्टुलावर बसताना म्हणाली, "मामा, तुमच्याबद्दल काय काय ऐकलंय मी. मला काही होणार नाही ना?"

"तुझं नाही काढत. तुझ्या आईचं काढतोय. तू फक्त हनुवटी दे."

हनुवटी शुभांगीची मिळाली. बाकीच्यासाठी तिची मावशी वर्तकनगरहून आली. मावशी म्हणजे आग्यावेताळ. शिडी चढायला तिने साफ नकार दिला, म्हणून पेंटरचं सगळं सामान माझ्या दुकानात खाली आलं आणि माझा धंदा रस्त्यावर. "हे नाक? हे नाक आहे ताईचं? अहो, आमच्या माहेरचं नाक आहे ते, बघा माझं!" असं म्हणून ती बाजूने तोंड करून बसायची. "आणि कपाळ एवढं मोठं नका दाखवू, ती काय पुरुष होती?" पेंटर पुसायचे, काढायचे. तिघं मिळून भांडायचे. आणि एका रविवारी मला ऐकू आलं, "काकू, जरा सरळ बघा. मावशींकडे लक्ष देऊ नका." पेंटर चित्राशी बोलत होते. मी पाठ वळवून पट्ट्या मोजत असल्याचं सोंग केलं, कारण माझे डोळे भरून आले होते.

नजर भरायच्या दिवशी दोघींना समोर उभं केलं. पेंटरनी एक ठिपका दिला, दुसरा दिला, बाजूला झाले. आग्यावेताळ मावशी पुढे झाली आणि तसबिरीला दरडावून म्हणाली, "ताई, किती उशीर केलास गं." शुभांगी तोंड दाबून हुंदके द्यायला लागली. "ही," एवढंच म्हणत होती, "ही, ही."

ती तसबीर आम्ही कल्याणला जाऊन लावली. मी खिळ्याची जागा बघितली, जुनी उतरवली, नवी चढवली. जुनीबद्दल पेंटर एक अक्षर बोलले नाहीत. माझं तोंड शिवशिवत होतं, पण त्यांनी मला डोळ्यांनीच दाबलं. शुभांगीने जुन्या तसबिरीचा हार काढला, काच पदराने पुसली आणि ती दोन्ही हातांनी त्यांच्यापुढे धरली.

"मामा, या आता तुमच्याकडे. इतके दिवस मी यांनाच नमस्कार करून ऑफिसला जायचे."

पेंटरनी तसबीर घेतली. शुभांगी घाबरत म्हणाली, "कुंकू आहे हो कपाळावर. तुमच्यात... तुम्ही पुसणार का?"

"आमच्यात लावत नाहीत," पेंटर म्हणाले. "पण राहू दे. लेकीच्या घरी राहून आली, तिथलं काही अंगावर असणारच."

जिना उतरताना मी विचारलं, यावरून आता नवीन काढणार का? मान हलवली. "मी बोलवून ती आलीच नसती. मी कामात असलो की येऊन जायची, तशीच आली." पोटमाळ्यावरचा तो मोठा कॅनव्हास त्यांनी पुढे मिलिंदकडून मागवून घेतला आणि आंबिवलीच्या विहाराला बुद्ध काढायला देऊन टाकला. स्वतः पुन्हा खोपटला आले नाहीत. फोन व्हायचा. गुडघे दुखतात म्हणायचे, पण आवाजावरून माणूस बरा वाटायचा.

मी त्यांना शेवटचं बघितलं ते तसबीर मिळाली त्याच संध्याकाळी, कल्याण स्टेशनच्या बाहेर. मला ठाण्याकडे यायचं होतं, त्यांना आंबिवलीला. तसबीर घेऊन गाडीत चढू नका म्हणून मी रिक्षा ठरवून दिली. पेंटर आत बसले. तसबीर मांडीवर उभी धरली, तोंड स्वतःकडे. रिक्षावाल्याने गाडी सुरू केली तसे एकदम म्हणाले, "थांब रे, थांब जरा."

त्यांनी तसबीर सावकाश फिरवली आणि तिचं तोंड बाहेर केलं.

"माझ्याकडे बघून काय मिळणार तिला? जन्मभर तेच केलं. जरा बाहेरचं बघू दे."

रिक्षा निघाली. फ्रेमच्या मागे पेंटर दिसेनासे झाले, दोन्ही कडांना धरलेली बोटं तेवढी राहिली. वत्सलावहिनी फळांच्या गाड्या, बसथांबा, रस्ता ओलांडणारी माणसं बघत चालल्या होत्या. ओठाचा डावा कोपरा वर गेलेला. वळणावर रिक्षा जरा थांबली, तेव्हा त्यांची नजर सरळ माझ्यावर आली. मी भर गर्दीत हात वर केला आणि म्हणालो, "या हं, वहिनी."